धुळ्याशी एक मॅच

जी टीम दहा-वीस वर्षं खेळते तिच्यामागे ढाली उरतात, ग्रुप फोटो उरतात. आमची टीम एका हिवाळ्यात उगवली आणि त्याच हिवाळ्यात मावळली, त्यामुळे आमच्याकडे उरले ते किस्से. चहाच्या दुकानात आमच्यातला कुणी भेटला की एक निघतो, त्याचं शेपूट धरून दुसरा. ऐकणारे हसतात. आम्हीही हसतो. मग कपातला चहा गार होतो.

दुसरी मोठी लढाई पेटायच्या आधीचा तो हिवाळा. जळगावात रतनशेठच्या जिनिंग फॅक्टरीत नवी मशिनं बसवायला हॅरिस नावाचा अमेरिकन आला होता. त्याच्या ट्रंकेत एक चामड्याचा बॉल निघाला, दोन्ही टोकांना निमुळता. म्हणे हा त्यांच्याकडचा फुटबॉल! पायाचं काम कमी, हाताचं जास्त. बॉल छातीशी धरून पळायचं, समोरच्यांनी धरून आडवं पाडायचं. पार टोकाची चुन्याची रेषा ओलांडली की फत्ते.

शेठला भलतंच आवडलं. अकरा जर्श्या, प्रत्येकीच्या पाठीवर त्याच्या सरकीच्या तेलाचं नाव! त्याने आम्हा अकरा जणांना खेळण्यासाठी पगारावर ठेवलं. धुळ्याचा त्याचा मेहुणा मोतीशेठ, तोही टीम काढतो म्हणाला. ठरलं: जळगाव विरुद्ध धुळे. आम्हाला बाकी काही नको होतं. ती एक मॅच हवी होती.

मी मॅट्रिकच्या वर्गातून उठून आलो होतो, कायमचा. मास्तरांकडून घेण्यासारखं इंग्रजी तेवढं घेतलं होतं, म्हणून साहेबाचा दुभाषी मीच.

* * *

खांद्यांना मार लागू नये म्हणून पॅड लागतात. फॅक्टरीत कापसाला काय तोटा! साहेब मला घेऊन पिंजाऱ्याकडे गेला आणि हातांनी माप दाखवलं: एवढं लांब, एवढं रुंद, आत कापूस ठासून, वर टाके.

म्हाताऱ्या पिंजाऱ्याने मान डोलावली. दुसऱ्या दिवशी बावीस पॅड तयार, सुबक, कडेला लाल झालर! साहेब खूश.

पैसे घेताना पिंजारी मला बाजूला ओढून म्हणाला, "भाऊ, बावीस चिमुकल्या गाद्या! साहेबाला इतकी बाळं? आणि बाईसाहेब कुठे दिसत नाहीत त्या?"

* * *

दगडू आमचा हुकमी गडी. भडगावचा, गिरणा नदीच्या वाळूत पळून पाय लोखंडाचे झालेले. पहिल्या दिवशी साहेबाने आम्हाला ओळीत वाकवून उभं केलं आणि सांगितलं, मी ओरडलो की सुटायचं.

साहेब ओरडला, "हाइक!"

दगडू जागच्या जागी थांबला. बाकीचेही थांबले.

साहेब पुन्हा, "हाइक! हाइक!"

दगडूने कान पुढे केला. साहेब लाल झाला, गळ्याच्या शिरा फुगल्या, "हाइक!!"

शेवटी दगडू वैतागून म्हणाला, "आयकी ऱ्हायनू ना, साहेब! बोल ना, काय शे ते!"

आमच्याकडे 'आयक' म्हणजे ऐक. हे साहेबाला समजावण्यात ती अख्खी सकाळ गेली.

* * *

डाव टाकण्याआधी सगळ्यांनी गोल करून, डोकी जुळवून कुजबुजायचं, अशी या खेळाची रीत. एकदा शेठ मेहरूणच्या तळ्याकडे आमची प्रॅक्टिस बघायला आला. त्याने पाहिलं, त्याच्या पगारावरचे अकरा जण डोकी जुळवून उभे आहेत आणि मधोमध दगडू बोटं नाचवतोय.

शेठ बग्गीतून उतरला तो धावतच. "संप? माझ्या डोळ्यांदेखत?"

मी समजावलं. त्याला पटलं नाही. त्या सालात गिरण्यांचे मालक सावलीलाही युनियन समजत होते. शेठने तिथल्या तिथे हुकूम काढला, "टीममध्ये जे बोलायचं ते मोठ्याने बोला! चोरून काही नाही!"

झालं. तेव्हापासून दगडू डाव टाकायच्या आधी तळ्याच्या पलीकडे ऐकू जाईल असा ओरडायचा, "आते मी डावीकडथून जास!" धुणं धुणाऱ्या बायका वाट सोडून उजवीकडे सरकायच्या.

* * *

आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, एक दिवस जेवताना विषय काढला. "पगार घेऊन खेळायचं? खेळ म्हणजे काय धंदा आहे? लाज वाटत नाही?"

मी म्हणालो, "तुम्ही कचेरीत पगार घेऊन झोपता. मी निदान पळतो."

आबा ताटावरून उठले. आईने त्यांचं ताट झाकून ठेवलं. मग म्हणाली, "खोटं नाही बोललास. पण त्यांचा भात खाऊन व्हायचा होता रे, तेवढं थांबायचं होतंस."

* * *

धुळ्याची तारीख पुढे जात राहिली. कधी मोतीशेठच्या घरी लग्न, कधी सुतक, कधी मैदानात गुरांचा बाजार. तोवर आम्ही कापसाची पोती उभी करायचो आणि त्यांच्यावर तुटून पडायचो. आपल्यातच खेळलो तर कुणी जोर लावेना. आपल्याच माणसाला कोण पाडणार? दगडू पोत्याला धडक द्यायचा आणि म्हणायचा, "काय धुळेकर, उठा!" पोतं कुठलं उठतंय.

एका संध्याकाळी साहेब तळ्याकाठी बसून सांगत होता. त्याच्या गावात कोळशाच्या खाणी. तिथेही अशीच पगारी टीम निघाली होती, तो तीत होता. एक हंगाम चालली आणि बंद पडली. "अजूनही मला विचारलं ना, तू कोण, तर माझ्या ओठांवर पहिलं त्या टीमचं नाव येतं," तो म्हणाला.

मी एकेक वाक्य मराठीत करत होतो. दगडूने विचारलं, "मॅची व्हयन्यात का तुमन्या?"

साहेब हसला. "झाल्या. सगळ्या हरलो!"

दगडू पाण्याकडे बघत राहिला. "नशीबवान शे," तो म्हणाला.

हे मात्र मी इंग्रजीत केलं नाही.

* * *

आणि मग धुळे. तारीख पक्की झाली. चाळीसगावला गाडी बदलून आम्ही उतरलो तेव्हा स्टेशनवर बँड! मैदानावर चुन्याच्या रेषा, दोर बांधलेला, दोराबाहेर माणूसच माणूस. मांडवात खुर्च्यांवर गावातली बडी मंडळी, पांढरी पागोटी, हातात पानाचे विडे. मोतीशेठने साहेबाला हार घातला, मग घसा खाकरून म्हणाला, "आमच्या वडीलधाऱ्यांनी काल बसून विचार केला. पोरांचे हातपाय मोडले तर उद्या मुली कोण देणार? तेव्हा आमची पोरं उतरणार नाहीत. तुम्ही खेळा. आम्ही बघतो. जेवणाची सोय केली आहे."

मी हे साहेबाला सांगितलं. त्याने मांडवाकडे बघितलं, मग दोराकडे. दोरामागे धुळ्याची अकरा पोरं उभी होती, अंगात निळ्या जर्श्या, नव्या कोऱ्या. एकाने खाली मान घातलेली. एकाच्या दंडाला त्याच्या बापाने धरून ठेवलं होतं.

साहेब म्हणाला, "लाइन अप."

आम्ही ओळीत वाकलो. समोर रिकामं मैदान. बॉल दगडूच्या हातात आला आणि तो सुटला. तसा तो कधीच पळाला नव्हता. लोक ओरडायला लागले, बँडवाल्याने ढोल बडवला, मांडवातले म्हातारेसुद्धा खुर्च्यांवरून उठले. अर्धं मैदान, पाऊण मैदान, रेषा आली...

आणि रेषेच्या अलीकडे दगडू थांबला. बॉल छातीशी तसाच. ढोल थांबला. साहेब ओरडत होता, "गो! गो!"

दगडू मागे वळला. दोरामागच्या निळ्या जर्श्यांकडे बघत, धापा टाकत तो ओरडला,

"धरा ना रे कोनी!"