मोरीतली गोम

लग्न होऊन मी वरोऱ्याहून सावलीला आले, तेव्हा घरात मला एकाच जागेची धास्ती होती, मोरीची. ऐंशीच्या दशकातलं ते भाड्याचं घर. मोरीच्या भोकाला जाळी नाही, आणि धानाच्या मुलखात दोन्ही वेळ भात, त्याची पेज त्याच भोकात जायची. आत काय काय पोसलं जात होतं, देव जाणे. झुरळं तर होतीच, पावसाळ्यात गोमीही निघायच्या. गोम कानात शिरते, हे लहानपणापासून ऐकलेलं. मुलगी झाली आणि माझी झोपच उडाली. जाळीसाठी मी घरमालकाच्या मागे अशी भुणभुण लावली, की तो मला पाहून रस्ता बदलायचा.

एका सकाळी सासूबाईंनीच मनावर घेतलं. पोरीच्या अंघोळीचं पाणी तापेपर्यंत त्यांनी भोकात रॉकेल ओतलं, वरून फिनेल. मला बरं वाटलं. आतलं सगळं मरेल आणि स्वच्छ मोरीत पोरीला न्हाऊ घालता येईल. मरायच्या आधी ते जित्राब बाहेर धाव घेईल, हे आम्हा दोघींच्या डोक्यातच आलं नाही.

मी पाटावर बसले, पाय लांब केले आणि तेल चोळलेली पोर नडग्यांवर उताणी निजवली. तिचं डोकं माझ्या पावलांकडे, म्हणजे भोकाकडे. सासूबाई बाजूला उभ्या राहून पाणी घालत होत्या. आधी झुरळं निघाली, भेलकांडत. मागून गोम आली, वीतभर लांब, तांबूस, सरळ माझ्या टाचेकडे.

पोर तेलानं निसटत होती, पाय हलवला तर तिचं डोकं फरशीवर आपटलं असतं. टाचेच्या जरा वर तिचा उघडा कान. भीतीनं माझे डोळे आपोआप मिटले.

सासूबाई हळूच म्हणाल्या, "पोरीले उचल अन् आत जा. धावू नोको."

डोळे उघडले तर गोम कुठेच नाही. पोरीला छातीशी धरून मी आत आले, तिला चादरीवर टाकलं. कान पाहिले, काखा, मानेच्या वळ्या, मुठी उघडून पाहिल्या. पोर टाहो फोडत होती, आणि मला वाटलं, शिरली, कानातच शिरली. सासूबाईंना हाकांवर हाका मारल्या. ओ नाही. मग रागच आला. पोरीच्या जिवावर बेतलंय आणि ही बाई मोरीत काय करून राह्यली? पोरीला कडेवर घेऊन तणतणत गेले.

त्या तिथेच उभ्या होत्या. हात भिंतीला टेकलेला, दातओठ आवळलेले, चेहरा घामानं निथळत होता. सगळा भार एका पायावर, आणि त्या अनवाणी टाचेखाली गोम वळवळत होती. टाच उचलली तर ती सुटली असती, म्हणून चावे घेऊ देत त्या तिला दाबून उभ्या होत्या.

"पोरीले काई झालं नाई ना?" त्यांनी विचारलं.

"नाही, काही नाही झालं," मी म्हणाले.

"मंग आता चप्पल आण," त्या म्हणाल्या. "माह्यानं उभं राह्यवत नाई."