आठांश आभाळ

१४ नोव्हेंबर १९८६. ढगांचे प्रमाण हवामान निरीक्षक आठांशांत सांगतात: शून्य म्हणजे निरभ्र, आठ म्हणजे पूर्ण झाकलेले, केसाएवढी फट दिसली तरी आठ नव्हे, सातच. त्या लहान विमानतळाचा स्वतःचा नियम याहून कडक होता. खालचे ढग पाच आठांश झाले, की विमान उतरवायचे नाही.

त्या सकाळी वेधशाळेच्या गच्चीवर निरीक्षक ताई एकटीच होती. खाली धावपट्टीच्या कडेला रुग्णवाहिका उभी होती. आत तिचा थोरला भाऊ, मेंदूत रक्तस्राव होऊन बेशुद्ध. त्याला मोठ्या रुग्णालयात नेणारे विमान ढगांवर घिरट्या घालत होते.

ताईने आभाळाचे मनाशी चार तुकडे केले आणि एकेका दिशेला तोंड करून मोजू लागली. डोक्यावर निळे बरेच होते. क्षितिजाकडे मात्र उभ्या फुगलेल्या ढगांच्या कुशी एकमेकींआड येऊन फटी गिळतात. तिथे फटी असणार, हे ती जाणून होती. पण नियम दिसेल तेवढेच सांगण्याचा. बेरीज पाच झाली.

फोनवर मनोऱ्यातला नियंत्रक वैतागला. "ताई, माझ्या काचेतून निम्मं निळं दिसतंय!"

"तुझी काच एकाच बाजूला बघते."

एवढ्यात वहिनी धापा टाकत जिना चढून आली. "वन्सं, एवढ्याशा ढगासाठी अडवताय? सख्खा भाऊ आहे तुमचा. चार म्हणा ना!"

ताईने रिसीव्हर पुन्हा तोंडाशी धरला. "पाच," ती फोनमध्ये म्हणाली.

"दगड आहात तुम्ही!" वहिनी मटकन खाली बसली आणि तिने पदरात तोंड खुपसले.

ताईने मान खाली केली नाही. वारा पूर्वेकडचे ढग रेटत होता. इंधन संपत आले, विमान परत जाईल, असे नियंत्रकाने कळवले. तिने पुन्हा चारी दिशा मोजल्या. पूर्वेची फट रुंदावल्यासारखी वाटली.

"चार."

पलीकडून नियंत्रकाने विचारले, "आभाळातले चार, की भावासाठीचे?"

"वर ये आणि मोज!"

मनोरा सोडून तो कसा येणार? विमान उतरले. भाऊ वाचला, उजवा हात मात्र पुन्हा हलला नाही. पहिल्या पाचामुळे झालेला उशीर त्या हाताला भोवला का, हे डॉक्टरांनाही सांगता आले नाही.

विमान उतरले, यावरून काही सिद्ध होत नाही. वैमानिकाला एक फट पुरते. गच्चीवर दुसरा निरीक्षक नव्हता आणि वहिनीने तर वर पाहिलेच नाही. दुसऱ्या मोजणीच्या वेळी आभाळ खरोखर चार आठांश होते का, हे आजही अज्ञात आहे.