पाणी टेलला पोचलं!

कालव्यात गाळ साचतो, तसे आमच्या कॅनॉल ऑफिसात किस्से साचतात. फरक इतकाच, की गाळ काढल्याचं निदान कागदावर तरी असतं!

मी बनारसच्या रामघाटावरचा मराठी माणूस, या ऑफिसात कारकून. एकदा घरी फोनवर ओरडलो, "कुलाबा टूट गया? पूरा?" आईच्या हातून पोळीच पडली. "अरे, सुमनमावशी कुलाब्यातच ना राहते!" आमच्या खात्यात कुलाबा म्हणजे कालव्यातून शेताकडे पाणी सोडणारा पाइप. हे समजावेपर्यंत आईने मुंबईला फोन लावून मावशीला घराबाहेर काढलं होतं.

*

पांडेजी आमचे पतरौल, म्हणजे कालव्यावर गस्त घालणारे. पाण्याची पातळी मोजून रोज कळवणं हे त्यांचं काम. वर्षभर आकडे वेळेवर आले. मग कळलं, मोजायची पट्टी मागच्या पुरातच वाहून गेलीय! साहेब भडकले. पांडेजी थंडपणे म्हणाले, "पट्टी बही है साहब, अनुभव थोड़े ही बहा है!"

*

रामधनीचं शेत कालव्याच्या अगदी शेवटी, 'टेल'ला. तिथवर पाणी पोचतच नाही. भाताची रोपं पिवळी पडायला लागली, तसा तो रोज ऑफिसात येऊ लागला. साहेब वैतागले. "अर्जी प्रॉपर चैनल से भेजो!"

"चैनले त सूखल हौ, साहब!"

त्याच्या लेखी चॅनल म्हणजे कालवाच! मी हसलो खरा. पण त्याच्या मुठीत ती पिवळी रोपं होती, ती बघून माझी मलाच लाज वाटली.

*

तेवढ्यात वरून हुकूम आला, कालव्याचा गौरवशाली इतिहास लिहा. मी इंग्रजांच्या वेळची फाइल काढली. पहिल्याच पानावर तक्रार: टेलला पाणी नाही. खाली शेरा: चौकशी चालू आहे. पुढच्या प्रत्येक साहेबाचा तोच शेरा, फक्त सह्या वेगळ्या! वाटलं, आता तरी आमचे साहेब ओशाळतील. ते म्हणाले, "देखिए, हमारी परंपरा कितनी पुरानी है!"

*

शेवटी बडे साहेब स्वतः टेल बघायला येणार असं ठरलं. रामधनीची रोपं अजून कशीबशी तग धरून होती. आमची ही धावपळ! सकाळीच टेलला तीन टँकर रिकामे केले, चाकांच्या खुणा झाडून काढल्या, पाण्यावर झेंडूची फुलंसुद्धा सोडली. बडे साहेब आले, फोटो झाला. त्यांनी रामधनीला विचारलं, "क्यों भाई, पानी पहुँचा?"

रामधनीने हात जोडले.

"पहुँच गयल, हुजूर. बस ई बता दीं, टैंकर कल कै बजे आई?"