रिकाम्या खोलीचा आवाज

जर्मन टीव्हीसाठी आयुष्यभर माहितीपट काढलेल्या एक बाई दोह्यात आल्या होत्या आणि त्यांची दुभाषी मी होते. युद्धं, भूकंप, दुष्काळ, सगळं पालथं घातलेली बाई. पण जीव कशात अडकलेला, तर खोलीच्या शांततेत. मुलाखत झाली की त्या एसी बंद करायच्या, सगळ्यांना बाहेर काढायच्या आणि मिनिटभर गप्प बसून रिकाम्या खोलीचा आवाज रेकॉर्ड करायच्या. एडिटिंगमध्ये सांधे झाकायला तो लागतो म्हणे. मला मेलं हसू यायचं.

त्यांच्या शेवटच्या फिल्ममध्ये रास लफानच्या गॅस प्रकल्पात क्रेन चालवणारे साताऱ्याकडचे एक गृहस्थ होते. कामगारांच्या कॅम्पमधल्या आपल्या पलंगावर बसून ते बोलत होते आणि मी शेजारी बसून त्यांच्या बोलण्यावरच इंग्रजी करत होते. आवाजात आवाज मिसळतोय, असं मी बाईंना म्हटलंसुद्धा.

"मिसळू दे. आमच्याकडे वरून जर्मन आवाज चढवतातच."

तेवढ्यात कंपनीची बस आली. "यल्ला, येतो ताई," म्हणून ते गेले. मग आम्ही दोघी नेहमीसारख्या मिनिटभर गप्प बसलो.

फिल्म लागायच्या आधीच ते झोपेत गेले. पुढे फिल्मची लिंक मी त्यांच्या बायकोला, वहिनींना, पाठवली. त्यांचा लगेच फोन आला.

"ताई, ह्यांचं तोंड हलतंय, पर बोलतंय दुसरंच कुणीतरी."

खरंच होतं. त्यांचे दोन शब्द ऐकू येतात आणि लगेच एक जाडसर जर्मन आवाज त्यांच्यावर बसतो.

"रोज फोनवर बोलायचे. कोण भरून ठेवतंय? ह्यांचा आवाज न्हाई हो माझ्याकडं. तेवढा मिळवून द्या."

बाईंनी सगळं मूळ रेकॉर्डिंग पाठवलं. त्यात त्या गृहस्थांच्या प्रत्येक वाक्यावर माझी बडबड. मी बाईंवर चिडले, आणि स्वतःवर त्याहून जास्त. होतं तसं वहिनींना पाठवून दिलं.

काही दिवसांनी त्यांचा पुन्हा फोन आला. आवाज हलका झाला होता.

"ताई, शेवटचं लई चांगलं हाय. त्यात तुमी बोलत न्हाई. हे नुसते गप बसल्यात. झोपल्यावर असाच श्वास घ्यायचे, नाकात बारीक शिट्टी वाजायची. उशाशी लावते आता रोज."

वहिनी, तेव्हा ते खोलीत नव्हतेच, हे अगदी ओठांवर आलं होतं. "लावा," एवढंच म्हटलं.

बाईंना मी विचारलं, तेव्हा आत आणखी कोणी होतं का? उत्तर आलं, आपण दोघीच होतो.

मग मदिनत खलीफातल्या माझ्या घरी भर दुपारी मी एसी बंद केला आणि हेडफोन लावला. आधी बाईंचा जड श्वास ओळखू आला, मग माझा. मला बरं वाटलं. वहिनींना भास झाला असणार. आणि मग, अगदी जवळ, माझ्याच बाजूला, पलंगाकडून ती बारीक शिट्टी सुरू झाली.

वहिनींना मी काही सांगितलेलं नाही. त्यांना त्यामुळे झोप लागते. मला लागत नाही.