अर्धा धवला

मालू जन्माने कोळीण, पण कोळी नाच शिकली डोंबिवलीत, सरोजताईंच्या क्लासमध्ये. सरोजताईंनी होडी जवळून पाहिली होती ती गणपतीच्या सजावटीत. तरी पंधरा वर्षं मालू त्यांच्या पथकातून गावोगाव वल्हं मारत हिंडली. स्टेजला पाणी लागत नाही.

एक्क्याण्णव साली कार्यक्रमाला आलेल्या एका पाहुण्याने विचारलं, तुमच्या लग्नात खरोखर काय गातात? मालूला सांगता येईना. तेव्हापासून तिचं बूड कुठे टेकेना. नाच सोडला, लग्नाचे व्हिडिओ काढणाऱ्या जगनला पटवलं आणि आपल्या माणसांवर फिल्म काढायला ठाण्याच्या खाडीकाठी, स्वतःच्याच कोळीवाड्यात, पाहुणीसारखी जाऊन उभी राहिली.

लग्न लावताना गायचा धवला अख्खा येणारी एकच धवलारीण तिथे उरली होती: तिची चुलत आत्या मनुबाई. सत्तरीपारची, दम्याची. वाड्यात आता भटजी आणि बँड. आत्याच्या छातीत दम आहे तोवर मालूला तो धवला टेपवर पुरा हवा होता.

मनुबाईने एवढंच विचारलं, "लगीन कोनाचा?"

लग्न नाही, नुसतं गा, असं मालूने समजावून पाहिलं. पोर नसताना बारसं कोण करतं, म्हणून मनुबाई मासळी निवडायला बसली. तीन दिवस हेच. चौथ्या दिवशी मालू वैतागून स्वतःच पाटावर बसली. मनुबाईने हळद लावली, धवल्यातून देव बोलावले, खाडी बोलावली, खापरपणजीपर्यंत सगळ्यांना नावानिशी आवतण दिलं. अकरा मिनिटं झाली आणि ती थांबली.

"नवऱ्याचा नाव सांग."

"कुणाचंही घाल ना आत्या. जगन म्हण."

कॅमेऱ्यामागे जगनने जोरात मान हलवली. त्याला बायको होती.

"खोटा नाव घेतला तं देव परत जातीन," मनुबाई म्हणाली. "आनि सुरू केलेला धवला अर्धा ठेवाचा नाय. आता तुझा लगीन मलाच लावाचा हाय."

तिने ते मनावर घेतलं. दर पंधरवड्याला एक स्थळ येऊ लागलं. निरोप आणणारा मनुबाईचा खोकला वाढल्याचंही सांगे. मालूने सहा स्थळं नाकारली, आणि दर नकारानंतर ती अकरा मिनिटं पुन्हा लावून बघत बसली.

सातवा दिवा गावचा परशुराम, विधुर. त्याला पाहायला मालू जगनला घेऊनच गेली. चहा झाला. तिने पगार विचारला नाही, स्वभाव विचारला नाही. तुमच्याकडे मांडवात लाइट जाते का, एवढंच विचारलं.

परशुरामने बराच विचार केला. म्हणाला, जाते, पण जनरेटर आणता येईल.

मालूने तारीख विचारली.