काजूचा गाव खयचा?

नाबरकाकांना काजूकतली द्यायची म्हणजे यजमानाची तोंडी परीक्षाच. ताटली पुढे आली की ते आधी विचारायचे, "ह्या काजूचा गाव खयचा?" यजमान बिचारा म्हणायचा, "लिटल इंडियातून आणलीय, काका." "ता दुकान झाला. मी गाव इचारतंय." यजमान हसायचा, काका हसायचे नाहीत, आणि ताटली तशीच पुढच्याकडे जायची. सिंगापुरातल्या माझ्या पाच वर्षांत त्यांना एकही काजू खाताना मी पाहिलं नव्हतं. माणूस मूळचा वेंगुर्ल्याचा, पोटापाण्याचा धंदा काजूचा, आणि वर ही नाटकं! हा निव्वळ चावटपणा आहे असं माझं ठाम मत होतं.

तांजोंग पगार भागातल्या आमच्या कंपनीत ते काजूखरेदी बघायचे आणि मी त्यांच्या हाताखाली होते, पुण्याहून एमबीएची पदवी मिरवत आलेली. आम्ही टांझानियाच्या दक्षिण भागातून टरफलासकट कच्चा काजू उचलायचो आणि सोलायला दुसऱ्या देशांत पाठवायचो. दार-ए-सलामच्या एका दुकानातून काकांनी एकदा काजूचं पाकीट आणलं होतं. आतला काजू टांझानियाचाच, पण परदेशात सोलून, पाकिटात बसून, समुद्र दोनदा ओलांडून आलेला. ते पाकीट न फोडता त्यांनी ऑफिसातल्या टेबलावर मांडून ठेवलं होतं. कुणी विचारलं की सांगायचे, "घरातसून कच्चो जाता नि पावणो होवन परत येता. मगे घरचीच माणसां तेका इकत घेतत."

टांझानियाच्या त्याच दक्षिण भागात चिवाता नावाच्या गावी रेहेमा नावाच्या एका बाईंची काजू सोलायची शेड होती. गावातल्या बायका तिथे कामाला यायच्या. रेहेमाबाईंना एकच गोष्ट हवी होती, काजू सुकवायची भट्टी. ती आमच्या कंपनीने द्यावी आणि सोललेला काजू आम्हीच घ्यावा, असा त्यांचा प्रस्ताव होता. नाही म्हटलं तर हंगाम संपताच शेडला कुलूप लागणार होतं. आमचे मोठे साहेब मिस्टर लिम यांचं मत, सिंगापुरी 'लाह'च्या शेपटीसकट, आधीच ठरलेलं होतं. "दोज विमेन कॅनॉट पील, लाह. सगळे तुकडे करतात. शिप रॉ, सिंपल." अख्ख्या काजूला भाव असतो, तुकड्याला नसतो, त्यामुळे त्यांचं अगदीच चूक होतं असंही नाही. मीही चाळीस पानांचा अहवाल लिहून त्यात 'कामगारांचं कौशल्य अपुरं' असं ठोकून दिलं होतं. काकांनी तो चष्मा कपाळावर चढवून शेवटच्या पानापर्यंत वाचला. "झकास लिवलंस गो. फक्त ह्याच्यात काजू खय नाय."

निर्णयाच्या बैठकीला काका बशा घेऊनच आले. प्रत्येकापुढे दहा काजू, टरफल काढलेले पण आतली लाल साल तशीच, आणि सोबत एक छोटी सुरी. "फक्त साल काढायची," त्यांनी इंग्रजीत सांगितलं, "काजू अख्खा राहिला पाहिजे. पाच मिनिटं." मिस्टर लिमनी हसत हसत बाह्या सरसावल्या. थोड्या वेळाने त्यांचं हसू मावळलं. साल निघता निघेना, आणि जोर लावला की काजूचे दोन तुकडे. हिशेब खात्याच्या प्रमुखांनी बोट कापून घेतलं. मी माझे तुकडे गुपचूप तोंडात टाकले. काकांनी ते पाहिलं आणि माझ्याकडे बघून भुवया उडवल्या.

पाच मिनिटांनी त्यांनी मिस्टर लिमच्या बशीत डोकावून पाहिलं. दहातले नऊ फुटले होते. "सॉरी सर, चिवात्यात तुम्हाला नोकरी मिळायची नाही." मग पिशवीतून एक बरणी काढून त्यांनी टेबलावर ठेवली. पांढरेशुभ्र, अख्खे काजू.

"सी!" मिस्टर लिम म्हणाले, "धिस वन प्रोफेशनल, लाह. आपला नेहमीचा कारखाना, राइट?"

"नाही सर. हे रेहेमाच्या बायकांनी सोललेत. आधी त्यांनी गावातल्या पाववाल्याची भट्टी एक दिवस मागून घेतली आणि तिच्यात सुकवले. तुमच्या बशीतले मात्र दोन दिवस माझ्या ईस्ट कोस्टच्या घराच्या गॅलरीत उघडे ठेवले होते, समुद्राच्या हवेत. दमट काजूची साल कुणाच्या बापाला निघत नाही."

काकांची नोकरी गेली, आणि त्यांच्यामागोमाग माझा सिंगापुरात राहायचा परवाना, एम्प्लॉयमेंट पासही गेला, असं मी मनाशी धरून चालले.

"यू चीटेड, नाबर."

"येस सर. भट्टी नसली की हवा त्या बायकांना रोज अशीच फसवते."

मिस्टर लिमनी बशीतला शेवटचा काजू उचलला, जिभेचं टोक बाहेर काढून अगदी मन लावून सोलला आणि तोही मोडला. "वन सीझन," ते म्हणाले. "ओन्ली वन."

त्या संध्याकाळी घरी जाताना मेट्रोत, म्हणजे एमआरटीत, मी काकांना म्हटलं, "काका, हे काही बरं नाही केलंत. उलटलं असतं तर?" ते खिडकीबाहेर बघत म्हणाले, "माझी आवस, म्हणजे आई, कारखान्यात काजू सोली. दमट दिवस असलो की मालक तिका घराक धाडी. म्हणी, तुकडे करतंस. ती घराक येवन आपल्या बोटांकडे बघत बसा. तिका वाटा, आपलोच हात वायट." माझ्या अहवालातलं ते वाक्य आठवून मला मनापासून लाज वाटली. घरी जाऊन मी ते खोडलं.

एका हंगामाचे दोन झाले, दोनाचे तीन. शेडला कुलूप लागलं नाही, उलट शेजारी दुसरी उभी राहिली. काका निवृत्त होऊन वेंगुर्ल्याला निघाले तेव्हा ऑफिसात त्यांना छोटासा निरोप दिला. मिस्टर लिम स्वतः बशी घेऊन पुढे आले आणि काकांसमोर उभे राहिले.

"आस्क मी, नाबर."

"काय विचारू?"

"युवर क्वेश्चन, लाह. तोच सगळ्यांना विचारून छळता तो."

काकांनी घसा खाकरला. "व्हिच व्हिलेज, सर?"

"चिवाता," मिस्टर लिम म्हणाले, आणि पाठीमागे धरलेलं पाकीट त्यांनी पुढे केलं. त्यावर रेहेमाबाईंच्या शेडचं नाव होतं आणि खाली गावाचं. हे पाकीट समुद्र एकदाच ओलांडून आलं होतं.

काकांनी एक काजू उचलला, उजेडाकडे धरून सगळ्या बाजूंनी पाहिला आणि तोंडात टाकला. आम्ही सगळे त्यांच्या तोंडाकडे बघत होतो. डोळे मिटून ते इतका वेळ चावत राहिले की मिस्टर लिम कासावीस झाले.

"मीठ जास्त झाला," काका म्हणाले. मग त्यांनी डोळे पुसले आणि उरलेलं पाकीट कुणालाही न विचारता सरळ आपल्या खिशात घातलं.