म्हसावदच्या मळ्यातलं फसफसलेलं पातेलं

लग्न ठरल्यावर ताईने माझ्याकडे साडी मागितली नाही की दागिना मागितला नाही. फोनवर एवढंच म्हणाली, "मनू, आपली फळं करायची. येताना बाटली आण."

'आपली फळं' म्हणजे काय ते आधी सांगते, कारण हा सगळा प्रवास त्यांच्यापायी झाला. नाशकात आम्ही दोघी बहिणी एकत्र राहायचो तेव्हापासून घरात काही चांगलं घडलं की ताजी फळं बारीक चिरायची, वरून पिठीसाखर आणि लिंबू, आणि अगदी शेवटी थंडगार स्पार्कलिंग वाइन. पेल्यात बुडबुडे वर यायला लागले की ताई कान लावून ऐकायची. ताईची बढती, माझं लग्न, माझ्या लेकीची दहावी, सगळ्याला हीच फळं. आता एक्कावन्नाव्या वर्षी तिचं स्वतःचं लग्न होतं. नवरा म्हणजे म्हसावदचे दिलीपराव, पपईचे शेतकरी, पहिली बायको जाऊन बरीच वर्षं झालेले. दोघांची ओळख नाशकात कृषी प्रदर्शनात झाली. ताई बँकेच्या स्टॉलवर बसली होती आणि भाऊजी कर्जाची चौकशी करायला आले होते. कर्ज काही त्यांनी घेतलं नाही.

रजिस्टर लग्न आधीच उरकलं होतं; मळ्यातल्या जेवणासाठी जानेवारीतल्या एका सकाळी मी एकटीच गाडी काढून निघाले. मागच्या सीटवर थर्माकोलच्या खोक्यात, ओल्या टॉवेलात गुंडाळलेल्या दोन बाटल्या होत्या. सटाणा, ताहाराबाद, पिंपळनेर, साक्री असा रस्ता घेतला. ताहाराबादपर्यंत धुकं होतं आणि डाळिंबाच्या बागा त्यातून निम्म्याच दिसत होत्या. पिंपळनेरला चहा पिऊन गरम भजी खाऊन घ्या, पुढे बराच वेळ धड काही मिळत नाही. साक्रीनंतर रस्ता अरुंद होतो, उसाचे ट्रॅक्टर आडवे येतात, तिथे घाई करण्यात अर्थ नाही. मला तशीही घाई नव्हती. इतकं संथ, इतकं गप्प बसून मी किती तरी दिवसांत कुठे गेले नव्हते.

नंदुरबार जवळ आल्याचं आधी नाकाला कळतं. काचा बंद होत्या तरी मला शिंका सुरू झाल्या. गावाबाहेर मिरच्यांच्या पथाऱ्या लागल्या, म्हणजे वाळत घातलेल्या मिरचीची मैदानं. नजर पोचेल तिथवर जमीन लाल, आणि त्यात तोंडाला फडकी बांधलेल्या बायका वाकून मिरची उलथत होत्या. मी गाडी कडेला लावून बघत उभी राहिले. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि मला ते पुसावंसंही वाटत नव्हतं.

बाजारात स्ट्रॉबेरी घेतली. हो, नंदुरबारात स्ट्रॉबेरी! सातपुड्याच्या उतारांवर आता ती पिकवतात आणि थंडीत खाली बाजारात येते. आकाराने लहान, वेडीवाकडी, पण वास असा की गाडीभर झाला. विकणारी बाई अहिराणीत म्हणाली, "खाई देख, मंग ले." मी खाल्ली आणि पाटीच उचलली. जाणार असाल तर सकाळीच घ्या, दुपारपर्यंत ती मऊ पडते.

प्रकाशाला तापीचा पूल ओलांडला. पाणी जवळजवळ थांबलेलं होतं आणि त्यावर ऊन पडलं होतं. शहाद्यात बर्फ घेऊन खोक्यात भरला आणि स्ट्रॉबेरीही त्यात ठेवली. तिथून म्हसावदपर्यंत दोन्ही बाजूंना केळी आणि पपई, आणि समोर सातपुड्याची निळी रेघ. ती जवळ येतेय असं वाटतं, पण येत नाही. त्या रस्त्यावर मी फार हळू गाडी चालवली.

घरी पोचले तर ताई ओट्यापाशी पोह्याला फोडणी घालत होती आणि भाऊजींची आई, म्हणजे माय, पायरीवर बसून सुईत दोरा ओवत होत्या. वय ऐंशीच्या पुढे, चष्मा नाही. एका फटक्यात दोरा ओवला आणि माझ्याकडे बघून म्हणाल्या, "बठ. तुन्हा परवास चांगला व्हयना का?" मी हो म्हटलं. मग त्या माझ्याच तोंडाकडे बघत म्हणाल्या, "त्या बाईले सांग, पोहामा मीठ कमी शे."

'ती बाई' म्हणजे माझी ताई. ती त्यांच्यापासून दोन हातांवर उभी होती.

रात्री ताईने सगळं सांगितलं. रजिस्टर लग्न शहाद्यात होऊन आठवडा झाला होता आणि तेवढ्या दिवसांत माय तिच्याशी एक शब्द बोलल्या नव्हत्या. भांडण नाही, टोमणा नाही. सगळं कुणाच्या तरी मार्फत. घरात कुणी नसेल तर म्हशीला सांगायच्या. ताई हे हसत सांगत होती, पण मध्येच तिचं हसू थांबलं. "या वयात मी सासूच्या एका हाकेची वाट बघतेय मनू. वेडी झालेय का गं मी?" मी तिची उशी नीट केली.

दुसऱ्या दिवशी मळ्यात भाऊबंदांचं जेवण होतं. वांग्याचं भरीत, पुऱ्या, कढी. घराच्या उंबऱ्याच्या आत दारूचा थेंब येत नाही, हे भाऊजींनी आधीच बजावलं होतं. म्हणून आमचा बेत असा की पाहुणे यायच्या आत, मळ्यातच, आम्ही तिघांनी आपली फळं खाऊन घ्यायची. मायला यातलं काही सांगायचं नाही, हे तर ठरलेलंच होतं.

पपईच्या ओळींमध्ये सकाळ उतरली होती. झाडांवरच्या फळांना थंडी लागू नये म्हणून पोती गुंडाळली होती. पाटाचं पाणी आवाज न करता वाहत होतं, आणि दूर वांगी भाजली जात होती तो धूर जमिनीलगतच रेंगाळत होता. मी आंब्याखाली बाजेवर बसून फळं चिरली. ज्यांना करून बघायचंय त्यांच्यासाठी सांगते. पपई जेमतेम पिकलेली, घट्ट घ्या, नाहीतर लगदा होतो. स्ट्रॉबेरीचे चार भाग करा. मूठभर डाळिंबाचे दाणे घाला. पिठीसाखर भुरभुरवून लिंबू सढळ हाताने पिळा, कारण पपई लिंबाशिवाय मिळमिळीत लागते. मग झाकून बर्फावर ठेवा. फळांना त्यांचा रस सुटला की वाइन कडेने, हळूच ओता आणि ढवळू नका.

मी इथेच चुकले. पेले घरी राहिले होते. भाऊजी आणायला गेले, पण मला धीर धरवेना. मी पातेलं घेऊन विहिरीच्या मोटारीच्या खोलीत गेले, बाटली उघडली, सगळी पातेल्यात ओतली आणि रिकामी बाटली पोत्याखाली दडवली. पातेलं बाजेवर आणून ठेवलं. लालकेशरी फळांवर पांढरा फेस चढला, बारीक आवाज सुरू झाला. ताईने डोळे मिटून कान लावला. मी आल्यापासून पहिल्यांदा तिच्या चेहऱ्यावर मोकळं हसू दिसलं.

तेवढ्यात ट्रॅक्टरची ट्रॉली बांधावर येऊन उभी राहिली. सगळे भाऊबंद वेळेच्या कितीतरी आधी, आणि त्यांच्या पुढे भाऊजींची आत्या. आत्याबाईंचं लक्ष थेट पातेल्यावर गेलं.

"नवी सूनना हातनं शे का? मंग पयलं मालेच वाढ!"

त्यांच्यात सून पहिल्यांदा जे करते ते तिने स्वतः सगळ्यांना वाढायचं असतं, आणि त्यावरून पुढची कित्येक वर्षं तिचं नाव निघतं. ताईच्या हातात पळी आली. तिने माझ्याकडे बघितलं. मी पपईकडे बघितलं.

माय कुठून आल्या मला कळलंच नाही. त्या पातेल्यावर वाकल्या, एक बोट बुडवलं, नाकाशी नेलं. फेसाकडे एकदा बघितलं. मग दोन्ही हातांनी पातेलं उचललं आणि पाटाकडे वळल्या. सगळी फळं पाण्यात गेली. स्ट्रॉबेरीचे तुकडे वाहत वाहत पपईच्या मुळांशी जाऊन अडकले.

"हाई माय! काय करं हाई?" आत्याबाई ओरडल्या.

"मन्हा हातथीन सांडाई गयं," माय सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या.

"म्हतारी व्हयनी वं वहिनी तू. हात थरथरतस तुन्हा!"

सगळे हसले. चष्म्याशिवाय सुई ओवणाऱ्या माय खाली बघून म्हणाल्या, "हा, थरथरतस." मग ताईच्या शेजारून जाताना त्यांनी तिचं मनगट धरलं. मी अगदी जवळ होते म्हणून ऐकू आलं.

"फसफसी गयेल व्हतं, पोरी. कोनले सांगू नको."

मला हसावं की रडावं कळेना. आपल्याकडे फसफसलं म्हणजे नासलं. आंबरस फसफसला, पीठ फसफसलं, की टाकून द्यायचं. त्यांनी फेस बघितला आणि सुनेचा पहिलाच पदार्थ नासला म्हणून तिची लाज झाकली, असं मला वाटलं. नाशिकहून जपून आणलेली बाटली पाटात गेली होती आणि मला तिचं काडीचंही वाईट वाटत नव्हतं. ताई तर तिथेच उभी राहून, हातात पळी घेऊन, 'पोरी' या शब्दावर रडत होती. आत्याबाईंना वाटलं, फळं सांडली म्हणून रडतेय. "रडू नको वं, दुसरं करशी," असं म्हणून त्यांनी तिला जवळ घेतलं.

मग मायने स्वतः दोन पपया उतरवल्या, कापल्या, वर मीठ, लिंबू आणि लाल तिखट टाकलं आणि ताट ताईच्या हातात दिलं. "ने, वाढ लोकेस्ले." लोकांनी ताट चाटूनपुसून संपवलं. भरीत इतकं झणझणीत होतं की मी कढीच्या चार वाट्या प्यायले. दुपारी बाजेवर पडून पपईच्या पानांमधून आभाळ बघत राहिले. कुठेतरी मोटार चालू होती, आणि माय ताईला काहीतरी सांगत होत्या, थेट तिलाच, पोह्यातल्या मिठाबद्दल.

दुसरी बाटली न उघडता परत आणली. सोबत भाऊजींनी दिलेल्या पपया होत्या. नाशकात रविवारी मी आणि नवऱ्याने त्याच पद्धतीने फळं केली. स्ट्रॉबेरी इथली मोठी आणि देखणी होती, पण तो वास नव्हता. पेल्यातला आवाज ऐकत बसले असताना ताईचा फोन आला. मिरच्या निवडायला बसल्या होत्या दोघी सासवा-सुना, मागून ठसक्याचा आवाज येत होता.

"माय विचारतायत, तू परत कधी येणार."

"येईन की. उन्हाळ्याच्या आधीच येते."

मागून मायचा आवाज आला, बारीक पण स्पष्ट. "येवू दे तिले. पन ती फसफसनारी बाटली घरच ठेव म्हना."

बाटली मोटारीच्या खोलीत पोत्याखाली होती, भाऊजींनी ती अंधार पडल्यावर गुपचूप उचलली होती, आणि मायसमोर बाटली हा शब्दही कुणी काढला नव्हता.

"मनू," ताई हळूच म्हणाली, "त्यांना तेव्हाच कळलं होतं गं."

माझ्या हातातल्या पेल्यात बुडबुडे अजून वर येत होते. मी पेला फोनजवळ धरला आणि तिला ऐकवला.